मिठाचा कैलास

कलावंत जातो, पण त्याची कला काळाच्या उदरातूनही प्रकाशत राहते.

हे वाक्य माझं आहे आणि मी ते बऱ्याच जणांसाठी वापरलेलं आहे. नव्वदच्या दशकात मी नेरूळला भाड्याच्या घरात राहत होतो आणि गौरवग्रंथ लिहीत होतो. कुणाची साठी, कुणाची पंचाहत्तरी, कुणाचा अर्धपुतळा. माझे सगळे नायक बालपणी गरीब, तरुणपणी ध्येयवेडे आणि उतारवयात मितभाषी असत. ‘मितभाषी’ हा शब्द मला विशेष उपयोगी पडे, कारण बहुतेकांनी मला सांगण्यासारखं काही सांगितलेलंच नसे. ‘कला’ काढून ‘सहकार’ घातला की तेच वाक्य साखर कारखान्याच्या अध्यक्षांनाही बसे. ‘कलावंत’च्या जागी ‘शेतकऱ्यांचा कैवारी’ घालावं लागे, एवढाच काय तो फरक.

त्यामुळे बाईंच्या वडिलांचं चरित्र लिहायला घेतलं तेव्हा पहिल्या पानावर हे वाक्य आपोआपच उतरलं. बाईंनी चष्मा वर सरकवला, वाक्य वाचलं आणि पेन्सिलीनं आडवी रेघ मारली.

“प्रकाशत राहिली असती तर तुम्हाला कशाला बोलावलं असतं?”

बाई म्हणजे आमच्या मागच्या इमारतीत तळमजल्यावर एकट्या राहणाऱ्या निवृत्त शिक्षिका. आयुष्यभर मुंबईतल्या एका शाळेत गणित शिकवलेलं. निवृत्तीनंतर बऱ्याच वर्षांनी त्यांनी खाडी ओलांडून नेरूळला घर घेतलं, याचं सगळ्यांनाच नवल वाटलं होतं. तेव्हा इथे रस्ते होते पण माणसं नव्हती, आणि सेक्टरचे आकडे होते पण दुकानं नव्हती. लोक विचारत, “बाई, इतक्या लांब?” बाई म्हणत, “हवा चांगली आहे.” खाडीच्या ओहोटीचा वास माहीत असलेला माणूस या उत्तरावर विश्वास ठेवणार नाही, पण बाईंना उलटा प्रश्न विचारण्याची कुणाची छाती नव्हती.

त्यांचे वडील मूकपटांच्या पहिल्या काळातले निर्माते. स्वतःचा कॅमेरा, स्वतःची कंपनी, स्वतःच लिहायचं, स्वतःच फिल्म कापून जुळवायची. त्यांनी काढलेल्या चित्रपटांपैकी एकही उरलेला नव्हता. त्या काळची फिल्म चटकन पेट घेणारी. काही जळून गेली. जी वाचली ती बोलपट आल्यावर रद्दीच्या भावानं विकली गेली. तिच्यातली चांदी धुऊन काढत आणि उरलेल्या पट्टीच्या बांगड्या नि टिकल्या करत.

“वडिलांच्या दोन पौराणिक चित्रपटांच्या बांगड्या झाल्या,” बाई म्हणाल्या, “आणि एका ऐतिहासिकाच्या टिकल्या. घरोघरच्या सुवासिनींनी त्यांचं काम कपाळी मिरवलं, असं तुम्ही लिहाल. लिहू नका.”

मी ते मनात लिहूनही टाकलं होतं.

बाईंची काम करण्याची रीत अशी: मी आठवड्याला काही पानं घेऊन जायचं, त्या चहा करायच्या आणि मग एकेका वाक्यावर पेन्सिल ठेवून विचारायच्या, “हे पाहिलेलं, ऐकलेलं की वाटलेलं?” पाहिलेलं असेल तर वाक्य राही. ऐकलेलं असेल तर कुणाकडून ते त्याच ओळीत यायला हवं. वाटलेलं असेल तर रेघ. माझ्या पहिल्या वीसेक पानांतून अशा रीतीनं जेमतेम दोन शिल्लक राहिली, आणि त्यातलंही एक वंशावळीचं होतं. घरी येऊन मी बायकोला म्हणायचो, “ही बाई चरित्र लिहून घेत नाहीये, माझी वही तपासतेय.” बायको म्हणायची, “कुणीतरी तपासायलाच हवी होती.”

पण बाईंनी स्वतः पाहिलेलं जे होतं ते अस्सल होतं. उदाहरणार्थ, वडिलांच्या काटकसरीबद्दल त्यांनी सांगितलेली एक गोष्ट. दरबाराच्या देखाव्यासाठी लाकडी सिंह कोरून घेताना वडील सुताराला म्हणाले होते, “दुसरा डोळा कशाला काढतोस? कॅमेरा एकाच बाजूला असतो.” बाई तेव्हा पाच-सहा वर्षांच्या असतील, तिथेच भुशात खेळत होत्या. ही गोष्ट पेन्सिलीखालून सहीसलामत सुटली. मी तिला ‘मूकपटांच्या तंत्राची अचूक जाण’ असं शीर्षक दिलं होतं, ते मात्र गेलं.

अडचण आली ती शेवटच्या चित्रपटापाशी. तो शंकर-पार्वतीचा होता, आणि गोष्ट कैलासावर घडणारी. वडिलांनी घरी जाहीर केलं की हिमालयाचं चित्रीकरण करायला निघालो आहे, आणि पेट्या घेऊन ते मचव्यात बसले. मचवा खाडी ओलांडून उरणच्या बाजूला गेला. हे नातेवाइकांनी धक्क्यावर उभं राहून पाहिलं. हिमालय उत्तरेला असतो एवढा भूगोल त्या सगळ्यांचा झालेला होता. तो सबंध हिवाळा आणि उन्हाळा वडील असेच जात-येत राहिले. पुढे चित्रपट पडद्यावर येण्याआधीच फिल्म जळाली, म्हणजे वडिलांच्या म्हणण्याप्रमाणे जळाली. कुणी काही पाहिलेलं नसल्यानं नातेवाइकांनी आपापसात निकाल लावून टाकला की चित्रपट वगैरे काही नव्हताच. पलीकडे दुसरं घर होतं.

मी या प्रकरणाचं नाव ‘हिमालयाची हाक’ असं ठेवलं होतं. बाईंनी त्यावर पेन्सिल टेकवली, पण रेघ मारली नाही. मग म्हणाल्या, “हाक नक्की कुणाची होती, ते आधी कळायला हवं.”

त्या दिवशी त्यांनी मला एक गोष्ट सांगितली आणि छापायची नाही असंही बजावलं. त्यांची आई या विषयावर जन्मभर अवाक्षर बोलली नव्हती. अखेरच्या आजारपणात एकदाच बोलली. कैलासाच्या त्या दिवसांत वडिलांच्या पेटीत तिला एक जरीकाठी लुगडं सापडलं होतं, आणि लुगड्याला बिडीचा वास येत होता.

“आई म्हणाली, दुसरी बाई असती तरी मी गिळलं असतं गं. पण बिडी ओढणारी?” बाईंनी पेन्सिल खाली ठेवली. “वडील मोठे होते की नव्हते, हे तुम्ही लेखकांनी ठरवा. मला एवढंच कळायला हवं की ते आईशी खोटं बोलले का. ते कळल्याशिवाय मी त्यांच्यावर पुस्तक छापणार नाही.”

“आणि नाही कळलं तर?”

“तर तुम्ही लिहिलंत, मी वाचलं. झालं.”

मी जमेल तिथे चौकशी केली. जुन्या सिनेमाचे जाणकार भेटले. त्यांनी मला बाईंच्या वडिलांबद्दल काहीच सांगितलं नाही, स्वतःबद्दल पुष्कळ सांगितलं. काही महिने असे गेले. बाईंनी त्या प्रकरणाची चौकशी केली नाही, पण चहाबरोबर मिळणारा लाडू बंद झाला. मी ती खूण समजलो.

इथे आमच्या घरमालकांना आणायला हवं. त्यांना सगळे शेठ म्हणत, मीही म्हणायचो. शेठ इथलेच, खाडीकाठच्या जुन्या गावठाणातले. वडिलोपार्जित भातशेती आणि मिठागराचा एक तुकडा शहरासाठी गेला, त्याच्या बदल्यात भूखंड मिळाला, भूखंडावर इमारत उभी राहिली आणि इमारतीत आम्ही. महिन्यातून एकदा ते येऊन बसत. भाड्याचा विषय दारातच संपवून मग निवांत चहा पीत आणि माझ्या टेबलाकडे बघत.

“साहेब, तुमी लिवता म्हंजे नक्की काय करता?”

“लोकांची चरित्रं लिहितो.”

“मेलेल्या?”

“बहुतेक जिवंत.”

“मंग ते सवताच का नाय सांगत?”

आमच्या भिंतींना सारखा लोणा लागायचा, रंगाचे पोपडे पडायचे, याबद्दल मी तक्रार केली की शेठ शांतपणे म्हणत, “खाली मीठ हाय ना, साहेब. ते वर येनारच. त्याचं टेन्शन नाय घ्यायचं.” मी हे वाक्य कित्येकदा ऐकलं आणि प्रत्येक वेळी फक्त रंगाऱ्याचा विचार केला.

त्या वर्षी शेठच्या थोरल्या मुलाचं लग्न ठरलं. आमंत्रण द्यायला ते जोडीनं आले. “लग्नाला नाय आलात तरी चालंल. लग्न काय, दहा मिन्टांचं. पन हलदीला यायचंच. हलद म्हंजे हलद.”

आम्ही संध्याकाळी गेलो. गावठाणाच्या गल्लीत मांडव घातलेला, बेंजोवाले वाद्यं जुळवत होते, आणि मांडवाच्या एका अंगाला म्हाताऱ्या बायका धवले, म्हणजे लग्नाची जुनी गाणी, म्हणत होत्या, बेंजो कितीही वाजला तरी ऐकू येतील अशा आवाजात. मधोमध, भिंतीला पाठ लावून ठेवलेल्या एका भल्यामोठ्या सिंहासनावर नवरदेव हळदीनं माखून बसला होता.

आजकाल लग्नात भाड्यानं मिळतात तसलं ते सिंहासन नव्हतं. चांगलं जड, जुन्या लाकडाचं, सोनेरी ऑइल पेंटचे थर चढून चढून नक्षी बुजत चाललेली. हातांच्या जागी दोन सिंह. मी हळद लावायला वाकलो तेव्हा डावीकडचा सिंह माझ्याकडे रोखून बघत होता. उजवीकडच्यानं मात्र माझ्याकडे बघितलं नाही, कारण माझ्या बाजूला त्याला डोळाच नव्हता. नुसतं गुळगुळीत लाकूड. मी वाकूनच पलीकडे डोकावलो. पलीकडे डोळा होता. मग डावीकडच्या सिंहाची दुसरी बाजू बघितली. तीही कोरी. दोघांना मिळून डोळे दोन, आणि दोन्ही एकाच बाजूला.

माझ्या हातातली हळद नवरदेवाच्या कानात गेली.

मी सिंहासनाच्या मागे जायला निघालो तसा बायकांत गलका उठला. “ओ साहेब! पाठीमागं नाय जायचं!” धवलेसुद्धा थांबले. शेठनं माझा दंड धरून मला पुढे ओढलं. “आमचेत बघत नाय त्याची पाठ. ज्यानं पाठ बघितली त्याचं लग्न टिकत नाय.” माझी बायको दुरूनच म्हणाली, “अहो, गुपचूप इकडे या. माझंही तेच लग्न आहे.”

“शेठ, हे कुठून आणलं?”

“आनलं नाय. हायच. आमचे आज्यापासून गावातला पत्येक नवरा त्याच्यावं बसतो. राजाची खुर्ची हाय ती.”

“कुठल्या राजाची?”

“ते आयेला इचारा.”

आये, म्हणजे शेठची आई, तेव्हा धवले म्हणण्यात पुढे होती आणि राजाबद्दल बोलायला मोकळी नव्हती.

लग्न पार पडल्याच्या दुसऱ्या दिवशी मी बाईंकडे गेलो. त्या दिवशी माझ्याकडे पानं नव्हती. मी पाहिलं ते सांगितलं. बाईंचा चेहरा फळ्याकडे बघावं तसा राहिला.

“पाहिलंत की वाटलं?”

“पाहिलं.”

“डोळे कुठल्या बाजूला?”

“बसणाऱ्याच्या डाव्या हाताला. दोन्ही सिंहांचे.”

बाई उठल्या, आत जाऊन दुसरी साडी नेसून आल्या, आणि म्हणाल्या, “रिक्षा बोलवा.”

शेठच्या घरात मांडवाची आवराआवर चालली होती. बाहेरच्या खोलीत, संगमरवरी फरशीवर, टीव्ही आणि फ्रिजच्या मधल्या जागेत सिंहासन परत आपल्या जागी लागलं होतं. पाठ भिंतीला, अंगावर फुलाफुलांची चादर. आये खाली चटईवर बसून सुकी मच्छी निवडत होती. बाईंपेक्षा वर्ष-दोन वर्षांनी मोठी असेल. तिनं बाईंना नखशिखांत बघितलं.

“कोन गो तू?”

“मी शाळेतली बाई. इथे जवळच कॉलनीत राहते.”

“शालंतली? बस बस. आमचे नातवाला नापास केलास का काय?”

“नाही, मी आता शिकवत नाही.”

“मंग बरा हाय.”

बाईंना चटईवर बसायची सवय नव्हती, पण त्या बसल्या. चादर बाजूला करून शेठनं सिंह दाखवले. बाईंनी ते बघितले आणि त्यांच्याशी ओळख असल्याचं काही दाखवलं नाही. आयेकडे वळून त्यांनी विचारलं, “हा राजा कोण होता?”

“कोन म्हंजे? राजा! मचव्यान बसून आलता. डोक्यावं टोपी, हातात भोंगा. मी येवढीशी व्हते.” तिनं हात फरशीपासून थोडा वर धरला. “संगाती मानसं, पेट्या, ही खुर्ची. रोज भोंग्यात वरडायचा.”

“पण कशाला आला होता?”

“मिठाला.”

“मीठ न्यायला?”

“न्यायला नाय गो. चढायला.”

बाईंनी माझ्याकडे बघितलं. मी शेठकडे. शेठनं लहानपणापासून ही गोष्ट ऐकलेली असल्यानं ते मोबदल्याच्या जुन्या कज्ज्याकडे बघावं तसे छताकडे बघत होते.

“तवा आमचे मिठाच्या राशी ह्या घरायेवढ्या,” म्हातारी म्हणाली. “त्याच्यावं शंकराला चढवायचा. शंकर चढला का राजा बोलायचा, नाय जमला, उतर. परत चढवायचा. भर उन्हान. अंगाला राख फासलेली, हातात तिरशूल. मिठानं शंकराचे पाय फुटले गो. पुढं माझी सासू झाली तिनं खोबऱ्याचं त्याल लावलं त्याचे पायांना. मरस्तवर सांगायची, मी शंकराचे पाय चेपले म्हनून.”

बाई हळूच म्हणाल्या, “मीठ पांढरं असतं.”

एवढंच. मी कित्येक वर्षं त्याच मिठागरावर बांधलेल्या इमारतीत राहत होतो, भिंतीतून ते मीठ माझ्या टेबलापर्यंत आलं होतं, आणि उन्हात चमकणारी मिठाची रास काळ्या-पांढऱ्या पडद्यावर कशी दिसेल हा विचार मला शिवला नव्हता. नातेवाइकांनाही नव्हता. वडिलांनी घरात सांगितलं ते शब्दशः खरं होतं. ते हिमालयाचंच चित्रीकरण करायला जात होते. तो उरणच्या बाजूला मिळत होता.

पण बाईंचं तेवढ्यानं झालं नव्हतं. वर्गात ज्या मुलाच्या उत्तराची भीती वाटते त्यालाच शेवटी विचारावं, तसं त्यांनी विचारलं, “आणि पार्वती? पार्वती होती का?”

“व्हती तर! लय सुंदर. नाकात नथ, जरीकाठाचं लुगडं.” म्हातारीनं एक बोंबील बाजूला टाकला. “पन बिडी वढायची.”

बाई चटईवर पुढे सरकल्या.

“काय करायची?” बाईंनी विचारलं.

“बिडी गो, बिडी. माझे बापाकडं मागायची. लुगडं गुडघ्यावं घेऊन राशीच्या सावलीन बसायची न् वढायची. बाप बोलायचा, देवाला नाय कसा बोलनार? सकालची हिरीवं बसून दाढी करायची, मंग लुगडं नेसायची.”

शेठ आता जागे झाले. “आये, काय पन बोलतेस! पार्वती दाढी करंल काय?”

“मी बघितली ना! तू व्हतास का तवा? तुजा बाप तरी व्हता का?”

बाई हसायला लागल्या. मी त्यांना हसताना पहिल्यांदाच बघत होतो आणि त्या हसण्याला काही अंत दिसेना. चष्मा काढला, पदरानं डोळे पुसले, परत हसल्या, परत पुसले. म्हातारीला वाटलं शाळेतल्या बाईला रडू आलं, म्हणून तिनं सुनेला पाणी आणायला सांगितलं. तिचाही अंदाज फारसा चुकला नव्हता.

त्या काळी बायका कॅमेऱ्यासमोर यायला तयार नसत, घरंदाज नव्हे आणि बिनघरंदाजही नव्हे, म्हणून त्यांची कामं पुरुष करत. हे मला माहीत होतं. चरित्राच्या दुसऱ्या प्रकरणात मी त्यावर चांगला लांबलचक परिच्छेद लिहिला होता, आणि बाईंनी त्यावर बरोबरची खूणही केली होती. पण तो परिच्छेद आणि पेटीतलं लुगडं यांची गाठ आम्हा दोघांपैकी कुणीही घालून दिली नव्हती. परिच्छेद इतिहासाबद्दल होता आणि लुगडं आईबद्दल. निर्मात्यानं पार्वतीचं एकुलतं एक लुगडं धुवायला घरी आणलं असणार, आणि बायकोला सांगायचं राहिलं असणार. किंवा सांगितलंही असेल, आणि तिला ते हिमालयाइतकंच खरं वाटलं असेल.

पुढचं म्हातारीनं विचारल्याशिवायच सांगितलं. मिठाच्या व्यापाऱ्यानं एक दिवस रास विकली. गलबतं लागली, टोपल्या लागल्या, आणि कैलास मुंबईला गेला. “राजा बोंबलला गो, थांबा थांबा. पन मीठ काय त्याचं व्हतं?” त्या वर्षी मुंबईनं कैलास खाल्ला. राजानं आवराआवर केली, खुर्ची काही मचव्यात मावेना, म्हणून ज्या घरानं त्यांना जेवू घातलं त्या घराला ती देऊन टाकली. जाताना तेवढं एक सांगून गेला, जे तो रोज भोंग्यातून ओरडायचा: पाठीमागं कुणी जायचं नाही.

“मला पण,” बाई म्हणाल्या. “मी एकदा त्यांच्या देखाव्याच्या मागे गेले होते, तर कान पिळला होता. मागे काही नसतं, नुसते बांबू. म्हणाले, बघणाऱ्यानं पुढून बघायचं.”

म्हातारी थांबली. मग हातातली मच्छी खाली ठेवून तिनं विचारलं, “तो तुजा बाप?”

बाईंनी मान हलवली.

“येवढा वेल काय बोलली नाय ती! ऊठ. बस त्याच्यावं.”

“त्यावर नवरदेवच बसतात ना?”

“नवरे लय बसले. पोर कवा बसली? ऊठ.”

बाई बसल्या. सिंहासन उंच होतं. त्यांचे पाय फरशीला टेकले नाहीत, थोडे वर लोंबत राहिले. शेठच्या नव्या सुनेनं त्यांना हळद-कुंकू लावलं. त्यांनी एक हात सिंहाच्या डोक्यावर ठेवला, कोऱ्या बाजूनं.

मग शेठनंच, माझ्या चेहऱ्याकडे बघून असेल, विचारलं, “आये, बाईंना पाठ बघू द्यायची काय? त्यांचे बापाची हाय.”

म्हातारीनं विचार केला. “बघंल तर बघू दे.”

मी पुढे झालोच होतो. पाठीवर कंपनीचं नाव असणार, सुताराची खूण असणार, निदान पेटीच्या फळीवरचा शिक्का तरी. छायाचित्र घ्यायचं, चरित्रात छापायचं, खाली तळटीप. बाई सिंहासनावरून सावकाश उतरल्या, म्हणाल्या, “नको,” आणि चादर नीट सारखी करून दिली.

रिक्षात मी म्हणालो, “बाई, पुरावा होता तो.”

“तुमच्या तळटीपेसाठी त्यांच्या घरातली लग्नं मोडायची का?”

“तुमचा विश्वास आहे त्यावर?”

“वडिलांनी सांगितलं होतं ना, मागे जायचं नाही,” त्या म्हणाल्या. “या लोकांनी इतकी वर्षं पाळलं. मी एकदाच मोडलं होतं, तेवढं पुरे.”

पुढच्या आठवड्यात लाडू परत सुरू झाला. ‘हिमालयाची हाक’ खोडून त्यांनी स्वतःच्या अक्षरात ‘मीठ’ असं लिहिलं, आणि लुगड्याची गोष्ट छापायला परवानगी दिली. “आईच्या नावानं छापा,” म्हणाल्या. “बिडीसकट.”

पुस्तक निघालं, लग्नाच्या अल्बमपेक्षा पातळ. प्रकाशन नेरूळच्याच एका सभागृहात झालं. प्रमुख पाहुण्यांनी पुस्तक हातात धरूनच भाषण केलं, ते उघडण्याचा मोह त्यांनी शेवटपर्यंत टाळला. हिमालयाच्या बर्फात, हाडं गोठवणाऱ्या थंडीत, जिवाची पर्वा न करता या महापुरुषानं कशी कलेची सेवा केली, हे ते आवाज चढवत सांगत होते. तेवढ्यात मागच्या रांगेतून शेठ उठून म्हणाले, “बर्फ नाय हो, मीठ!” पाहुणे त्याच आवाजात म्हणाले, “मिठाला जागणारी माणसं होती ती,” आणि टाळ्या घेतल्या. बाई पहिल्या रांगेत म्हातारीचा हात धरून बसल्या होत्या. म्हातारीला ऐकू कमी येत होतं, ही त्या समारंभातली सर्वांत भाग्याची गोष्ट.

बाई आता नाहीत, म्हातारीही नाही. त्यांच्याकडून मी जे घेतलं ते फार मोठं आहे आणि ते गौरवग्रंथाच्या भाषेत मला सांगता येणार नाही, कारण ती भाषा त्यांनीच माझ्याकडून काढून घेतली. त्यानंतरही मी अध्यक्ष-संस्थापकांवर लिहिलं, पोटाला लागतंच. पण ‘मितभाषी’ लिहायला गेलो की पेन्सिल टेकल्याचा आवाज येतो, आणि मी त्या माणसाला परत एकदा फोन करून काहीतरी विचारतो. कधीकधी तो सांगतोही. नेरूळला मी केवळ भाडं परवडतं म्हणून आलो होतो, बाई हवेसाठी आल्या नव्हत्या. भिंतीचा लोणा बघून आता मला रंगारी आठवत नाही, कैलास आठवतो. रंगारी बायकोला आठवतो.

दशकाच्या अखेरीला शेठच्या धाकट्या मुलाची हळद झाली. या वेळी सिंहासन मांडवाच्या मधोमध होतं, भिंतीपासून सुटं. मी लांबूनच हात जोडले, तर शेठनं मला धरून सरळ त्याच्या मागे नेलं. “बघा साहेब, आता बिनधास्त बघा. आता व्हिडिओवाले चारी बाजूंनी फिरतात, त्यांना किती अडवनार? म्हनून आयेचं बोलनं मोडायला नको असा बंदोबस्त केला.”

सिंहासनाच्या सगळ्या पाठीवर सागवानी रंगाचा सनमायका चिकटवला होता. सुतारानं त्याची पाच वर्षांची गॅरंटी दिली होती.